बाराशे दहा थेंब

"टोल पडला का?" मुकादमाने विचारलं.

"नाही."

"मग माग का थांबला?"

दोन्ही हात छातीशी घट्ट धरून उभी राहिले. सदऱ्याचा पुढचा भाग दुधाने भिजला होता आणि आता थेंब खाली ताणलेल्या सुतावर पडायला लागले होते. सुतावर डाग पडला तर अख्खा तागा बाद करतात, त्यापेक्षा माग थांबवलेला बरा, असं मला वाटलं. मुकादमाने डागाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि सगळ्या शेडला ऐकू जाईल असं म्हणाला, "चौथा टोल पडेपर्यंत कुणी जागचं हलायचं नाही. मी तरी हलतोय का?"

"अहो, तुम्हाला कुठे कुणाला पाजायचंय?" मागच्या रांगेतून कुणीतरी बोललं आणि दोघीचौघी हसल्या. मला हसू आलं नाही. भिंतीपलीकडच्या पाळणाघरात पोरं रडत होती आणि त्या कालव्यात माझी कोणती ते मला नेमकं कळत होतं. चार महिन्यांची पोर. पूर्वी चौथ्या टोलाला पाजायची सुट्टी झाली की मी पळत जायचे, तेव्हा ती नुकती डोळे चोळत उठलेली असायची. आता तिसरा टोल पडला की थोड्याच वेळात तिचा टाहो सुरू व्हायचा. माझंच दूध कमी पडतंय, सकाळी पोट भरत नाही तिचं, असं मी धरून चालले होते. आई झालेल्या बाईला स्वतःला दोष द्यायला फार शोधाशोध करावी लागत नाही.

आमच्याकडे सूर्यावर कुणी भरवसा ठेवत नाही. कधी तो उगवतो आणि धुणं वाळायच्या आत मावळतो, तर कधी निघालो निघालो म्हणत दारात गप्पा मारत उभ्या राहणाऱ्या पाहुण्यासारखा जाता जात नाही. म्हणून गावाचा कारभार निथळीवर चालतो. निथळघरात दगडी हौद आहे. त्यात चार हात लांब, दोन हात रुंद मापाचं कापड बुडवायचं, आकड्याला लावून वर ओढायचं आणि निथळू द्यायचं. शेवटचा थेंब पडला की एक निथळ झाली. मग घंटेचा दोर ओढून टोल द्यायचा आणि कापड पुन्हा हौदात. पाव भाजायला दोन निथळी, शाळेचा एक तास दोन निथळींचा, आमची पाळी सोळा निथळींची. जन्म, मरण, लग्न, भांडण, सगळं किती निथळींवर झालं ते लोक सांगतात.

हा टोल एकतीस वर्षं माझी आत्या देत होती. मला तिनेच वाढवलं. दिवसाच्या पाळीला ती आणि दुसऱ्या पाळीला तिची जोडीदारीण. काम दिसायला सोपं, म्हणून लोकांना वाटायचं, म्हातारी बसून खाते. पण शेवटचा थेंब कोणता ते ओळखायला नजर लागते. कापडाच्या कोपऱ्यात एक थेंब फुगतो, लोंबतो, आता पडेल मग पडेल असं वाटतं आणि पडत नाही. त्याला 'राहिलेला' म्हणतात. त्याची वाट बघत बसलात की गावाची वेळ गेली. आत्या नुसती बघायची नाही, मोजायची. अंगठा बोटांच्या पेरांवरून फिरत राहायचा, घरी जेवताना, झोपेतसुद्धा. चांगल्या कापडाचे बाराशे दहा थेंब. एखाद्या दिवशी हवेने पाच इकडे, पाच तिकडे. मोजायला तिला कुणी सांगितलं नव्हतं. "नुसतं बघत बसलं तर डोळा लागतो गं," ती म्हणायची, "मोजलं की माणूस जागं राहतं."

आणि याच बाईबद्दल गावभर झालं की तिला डुलकी लागते.

त्या दिवशी पाळी सुटल्यावर पोरीला कडेवर घेऊन मी घरी येत होते. आमच्या समोरच बेकरी. बेकरीवाला दारात उभा राहून करपलेले पाव टोपलीत टाकत होता.

"आजही?" मी विचारलं.

"भट्टीच बिघडलीय. दोनदा विटा बदलल्या. दोन निथळींत कोळसा होतो." मग इकडेतिकडे बघून त्याने आवाज खाली आणला. "राग मानू नकोस. पण आत्याबाई आता थकल्या असतील. वाचलंस ना पाटीवर?"

"कसली पाटी?"

मापकचेरीच्या भिंतीवरच्या पाटीवर सकाळीच कागद चिकटवला होता. मी तशीच मागे वळले आणि जाऊन वाचला. 'निथळघरातील कर्मचाऱ्यांच्या वयोमानामुळे टोल देण्यात विलंब होत असल्यास नागरिकांनी सहकार्य करावे. होणाऱ्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत.' माझ्या अंगाची आग आग झाली. आत्याचं नाव घातलं नव्हतं, पण दिवसाच्या पाळीला दुसरी होती कोण? एकतीस वर्षांत जिने ताप अंगावर काढला पण एक दिवसही टोल चुकवला नाही, तिच्याबद्दल ही दिलगिरी. मी तो कागद फाडायला हात घातला, तर पोरीने त्याआधी त्याचा कोपरा ओढून तोंडात घातला होता. घरची गोष्ट घरच्यांना कळते म्हणतात ती अशी.

आत्या घरी आली तेव्हा मी भांडायच्याच तयारीत होते. "तू वाचलास तो कागद?"

"वाचला."

"आणि गप्प बसलीस?"

तिने पाय धुतले, पोरीला मांडीवर घेतलं आणि मग म्हणाली, "मला डुलकी लागत नाही. कापड बदललंय."

"दर वर्षीच बदलतं की."

"दर वर्षी तुमच्याच शेडमधून येतं. यंदा बाहेरून आलं, दोन महिने झाले. रंग तोच, लांबी-रुंदी तीच. पण वर ओढताना खांद्याला कळतं. सूत दुहेरी आहे. पंधराशे साठ थेंब पडतात." तिचा अंगठा चालू होता. "पहिल्या दिवशी वाटलं, माझीच मोजणी चुकली. नवं कापड पाण्यात मुरेल म्हणून वाट बघत दोन महिने मोजलं. मग मापसाहेबांना जाऊन सांगितलं. ते म्हणाले, आत्या, तुम्ही विश्रांती घ्या. तिसऱ्या दिवशी हा कागद लागला."

मी मनात हिशोब केला आणि खालीच बसले. साडेतीनशे थेंब वर, प्रत्येक निथळीला. सोळा निथळींची पाळी म्हणता म्हणता आम्ही साडेवीस निथळी मागावर उभ्या होतो. माझं दूध कमी नव्हतं. पोरीला भूक वेळेवरच लागत होती. बेकरीवाल्याची भट्टी धडधाकट होती, शाळेतली पोरं उगाच चुळबुळत नव्हती, शेडमधल्या ज्या म्हातारीला "तुझ्याने आता होत नाही" म्हणून मुकादम रोज टोचून बोलत होता, तिच्यातही काही कमी झालं नव्हतं. दोन महिने अख्खं गाव स्वतःला बोल लावत होतं. चोरी करायची आणि वर ज्याच्या घरी चोरी झाली त्यालाच वेंधळा म्हणायचं, असा हा प्रकार.

"जुनं कापड आण," आत्या म्हणाली. "दोन्ही शेजारी टांगू. सगळ्यांना दिसेल."



आमच्याकडे रीत आहे. मापाचं कापड उतरवलं की ते गावात त्यानंतर जन्मणाऱ्या पहिल्या मुलाला गुंडाळायला देतात. मोजलेल्या कापडात गुंडाळलेलं मूल वेळेवर जेवतं, वेळेवर झोपतं म्हणे. यंदाचं कापड उतरवलं तेव्हा गावात नवीन बाळंतपण नव्हतं, म्हणून ते माझ्या दोन महिन्यांच्या पोरीला मिळालं. आत्याने स्वतःच्या हातांनी घडी करून आणून दिलं होतं.

"आत्या," मी म्हटलं, "मी त्याचे लंगोट केले."

तिचा अंगठा थांबला. मी तो थांबलेला तोवर कधी पाहिला नव्हता.

"वर्षभर पाण्यात राहून इतकं मऊ झालं होतं गं. आणि पोरीला पुरळ आलं होतं. चार तुकडे केले. कात्रीनेच केले, फाडले नाहीत."

मला वाटलं, आता ही बोलणार. बोलायला हवं होतं, मला बरं वाटलं असतं. ती उठली आणि गल्लीत गेली. मागच्या वर्षीचं कापड ज्या घरात गेलं होतं तिथे विचारून आली. त्याचं पायपुसणं झालं होतं. त्याआधीच्या वर्षीच्याचं काय झालं हे त्या घरात कुणाला आठवतही नव्हतं. परत येऊन ती खिडकीजवळ बसली.

"चारी तुकडे धुऊन आण," ती म्हणाली. "आणि सुई."

त्या दिवशी सूर्य जायचं नाव घेत नव्हता. कडेला कड लावून, एक सूतही दुमडू न देता ती शिवत बसली. माझी मान लाजेने वर होत नव्हती, म्हणून मी तिला दोरा ओवून देत राहिले, जरी तो तिला स्वतःला चांगला ओवता येत होता. शिवून झाल्यावर तिने ते कापड मागच्या गॅलरीत बादलीवर टांगलं आणि मोजलं. तीनदा मोजलं.

"बाराशे चोवीस. चौदा जास्त. शिवणीत पाणी धरतं."

"चौदाच ना? कोण विचारतंय!"

ती माझ्याकडे अशी बघत राहिली की मी पुढचं गिळलं.

चौकशी निथळघरातच झाली. आत्याने हट्ट धरला होता की जे व्हायचं ते सगळ्यांसमोर होऊ दे. मापसाहेब गोड माणूस. गोड माणसांची मला त्या दिवसापासून भीती वाटते. "बसा ना आत्या. तुम्ही आम्हाला आईसारख्या," असं म्हणून त्यांनी स्वतः खुर्ची पुढे केली. आत्या बसली नाही. निथळघरात ती कधीच बसली नव्हती. दाराशी बेकरीवाला होता, शेडमधल्या आम्ही सातआठ जणी होतो, मुकादम होता. आत्याची जोडीदारीण कोपऱ्यात उभी होती. कापड पूर्वीसारखंच आहे, असं तिने आधीच लिहून दिलं होतं. घरी तिला चार मुलं आणि अंथरुणाला खिळलेला नवरा. तिने आत्याकडे बघितलं नाही आणि आत्यानेही तिला बघायला लावलं नाही.

दोन्ही कापडं एकदम बुडवली, एकदम वर ओढली. आधी दोन्हींतून धार लागली, मग थेंब. बऱ्याच वेळाने शिवलेल्या कापडाचा शेवटचा थेंब पडला. कोपऱ्यात एक राहिला होता, तो राहिलाच. शेजारी नवं कापड ठिबकत होतं. ठिबकत राहिलं. बेकरीवाल्याने पायाचा भार बदलला. कुणाचं तरी पोर कंटाळून खाली बसलं. कापड आपलं ठिबकतंय. मुकादमाने एकदा वर पाहिलं आणि मग तो आपल्या बुटांकडे बघायला लागला, कारण तोही रोज साडेवीस निथळी त्याच बुटांत उभा होता. "आता घ्या! अजून चालूच आहे!" बेकरीवाला एकदम ओरडला. "माझी भट्टी! दोनदा विटा काढल्या मी!"

झालं, मला वाटलं. आंधळ्यालाही कळेल असं झालं. मला आत्याच्या गळ्यात पडावंसं वाटत होतं.

मापसाहेब विचलित झाले नाहीत. त्यांनी शिवलेल्या कापडाला हात लावला, शिवणीवरून बोट फिरवलं. "सुंदर टाके आहेत. आत्या, तुमच्याइतकं या विषयातलं कुणाला कळत नाही, म्हणून तुम्हालाच विचारतो. हे शिवलेलं कापड अगदी बिनचूक माप आहे का?"

हो म्हण, मी मनात म्हटलं. आयुष्यात एकदा खोटं बोल. चौदा थेंब कुणी मोजलेत?

"नाही," आत्या म्हणाली. "चौदा थेंब जास्त आहेत. शिवणीत पाणी धरतं."

"म्हणजे चुकीचं आहे."

"चौदाने."

"चूक ती चूक. लिहून घ्या," साहेबांनी कारकुनाला सांगितलं. "सादर केलेलं कापड सदोष असल्याचं त्यांनी स्वतः मान्य केलं."

"आणि तुमचं साडेतीनशेने?" मी ओरडले. माझा आवाज इतका चिरकला की मलाच ओळखू आला नाही.

"बाई, आमचं कापड हे माप आहे," साहेब हसून म्हणाले, "मापात चूक नसते. बाकीचं त्याच्याशी ताडून बघायचं असतं."

ज्याच्या हातात कापड त्याचंच खरं, आणि बाराशे दहाशी इमान राखणारी बाई चौदा थेंबांची गुन्हेगार! एखाद्या लबाडाने ते चौदा थेंब सहज पोटात घातले असते आणि तो जिंकला असता.

साहेबांनी एक छापील कागद पुढे केला. "सही करा. तुमचा मान आम्हाला ठेवायचाय. उद्यापासून टोल दुसरं कुणी देईल, पण निथळघरात तुमची खुर्ची राहील. लोक येतील, नमस्कार करतील. सही नसेल तर मात्र माझा नाइलाज आहे."

आत्याने कागद घेतला. चष्मा तिला नव्हताच. हात लांब करून, मास्तरीण धडा वाचते तशी ती मोठ्याने वाचायला लागली. "वयोमानानुसार माझी दृष्टी मंद झाली असून, कामावर असताना मला झोप येते. सबब टोल देण्यात होणाऱ्या विलंबास मी स्वतः जबाबदार आहे." एकही शब्द अडला नाही. सहीच्या जागेपर्यंत आली आणि थांबली नाही. कागदाच्या अगदी तळाला मुंगीएवढ्या अक्षरांत छापखान्याचा पत्ता होता, तो वाचला. कागद उलटा केला, पाठीमागे कोपऱ्यात गठ्ठ्याचा क्रमांक होता, तोही वाचला. मग कागद टेबलावर ठेवला आणि उडू नये म्हणून त्यावर साहेबांचीच दौत ठेवली.

"डोळे चांगले आहेत, साहेब. सही कशी करू?"

हौदाच्या कडेला तिची पाण्याची लोटी होती. ती तिने घेतली, आकड्यावरून शिवलेलं कापड काढलं, पिळलं आणि आम्ही बाहेर पडलो. दारात बेकरीवाला बाजूला झाला आणि त्याने डोक्यावरची टोपी काढली. नवं कापड आमच्या मागे अजून ठिबकत होतं का, ते मी वळून पाहिलं नाही.

दोन दिवसांनी भिंतीवर दुसरा कागद लागला. निथळघराखेरीज कुणीही टोल, घंटा, थाळी वा भांडे वाजवून वेळ सांगू नये. तेवढा धाक तरी त्यांना वाटला म्हणायचा. बाकी सगळं होतं तसंच चालू राहिलं. बेकरीवाल्याने भट्टीच्या विटा पुन्हा बदलल्या नाहीत, पण टोलाकडे लक्ष देणं सोडलं. तो आता पावाचा वास घेतो. आम्ही मात्र वासावर सुटू शकत नव्हतो.

पोरीला मी पाळणाघरात ठेवायचं बंद केलं. आत्या घरीच होती, चौथ्या टोलाला मी पळत घरी जाऊन पाजून यायचे. पोरीला बघण्याएवढं सोडलं तर तिने आठवडाभर भिंतीकडे तोंड करून झोपून काढलं, जेवायला हाक मारावी लागायची. मला वाटलं, ही आता उठत नाही. मग एका सकाळी मी कामाला निघाले तर ती चप्पल घालून तयार. एका कडेवर पोर, दुसऱ्या हातात बादली.

"कुठे?"

"तू हो पुढे."

शेडच्या खिडकीतून कारखान्याचं कुंपण दिसतं. मागात पाळीचा पहिला धोटा टाकताना मी बाहेर पाहिलं, तर आत्याने ते शिवलेलं कापड बादलीत बुडवून कुंपणाच्या तारेवर टांगलं होतं. रखवालदार तिच्याकडे गेला. खिडकी उघडी होती, सगळं ऐकू येत होतं.

"आत्या, इथे कपडे वाळत घालायची परवानगी नाही."

"बाळाचे लंगोट आहेत रे."

"एवढे मोठे?"

"पोर वाढतंय."

रखवालदार डोकं खाजवत परत गेला. आत्या उभीच होती. पोर डाव्या कडेवर, उजवा अंगठा पेरांवर. कापड निथळलं की पुन्हा बुडवायची, पुन्हा टांगायची. निथळघराचे टोल आपले त्यांच्या चालीने पडत होते, तिकडे तिने मानसुद्धा वळवली नाही. माझे हात मागावर होते आणि डोळे बाहेर. तिसरा टोल पडला. आत्याने त्याच्या कितीतरी आधी कापड चौथ्यांदा टांगलं होतं. छाती जड झाली, मला कळलं. तारेपलीकडे पोर चुळबुळ करायला लागली.

मग आत्याचा अंगठा थांबला. शेवटचे चौदा थेंब कापडात होते, ते तिने सोडून दिले असणार. तिचा उजवा हात डोक्यापर्यंत वर गेला, मुठीत दोर धरल्यासारखा मिटला आणि जोराने खाली आला. एकतीस वर्षं जसा यायचा तसाच. आवाज कुठेच झाला नाही.

मी माग थांबवला.

मुकादम माझ्याकडे वळला. "टोल पडला का?"

"पडला," मी म्हटलं.

त्याने कान दिला. मग खिडकीतून बाहेर पाहिलं. आत्या पोरीला तारेजवळ घेऊन उभी होती. मुकादम खाली वाकला आणि बुटाची नाडी बांधायला लागला. ती सुटलेली नव्हती. तो बांधतच राहिला आणि मी त्याच्या शेजारून बाहेर गेले.